ट्रॉम्बोनवाला पोरगा सिनेमाला संगीत देऊ शकतो का?

प्रश्न : आम्ही मोशीत राहतो. मी चाकणला गाड्यांचे सुटे भाग करणाऱ्या कारखान्यात नोकरीला आहे. माझा पुतण्या अकरावीत शिकतो आणि लग्नसराईत, गणपतीत एका ब्रास बँडमध्ये ती लांबलचक, पुढे-मागे ओढायची पितळी नळी वाजवतो. विसर्जन मिरवणुकीत चिंचवडच्या चापेकर चौकात त्याला जवळून वाजवताना पाहिलं. वाद्याला एकही बटण नाही, मग सूर निघतात कसे? दुसरी गोष्ट अशी, की तो म्हणतो, "काका, मी पुढे सिनेमाला संगीत देणार." घरात सगळे हसतात. बँडवाला कधी संगीतकार झालाय का, असं त्याचे वडील विचारतात. मला उत्तर देता आलं नाही. असं कुणी झालंय का? झालं असेल, तर अशा माणसाची सुरुवात कुठून होते?

उत्तर : तुमच्या पत्रात दोन प्रश्न आहेत, पण पहिल्याच्या उत्तरात दुसऱ्याचं अर्धं उत्तर दडलेलं आहे. म्हणून आधी वाद्याकडे बघू.

पुतण्याच्या हातातलं वाद्य म्हणजे ट्रॉम्बोन. त्यात सूर नळीतून निघत नाही, ओठांतून निघतो. वादक ओठ घट्ट मिटून वाटीसारख्या मुखनळीत फुंकतो, तेव्हा ओठ थरथरतात आणि त्या थरथरीने आतली हवा घुमायला लागते. नळीची लांबी तीच ठेवून ओठ आणखी आवळले, तर सूर एकदम उडी मारून वर जातो. पण या उड्या मोठ्या असतात, मधले सूर सुटून जातात. सैन्यातला बिगुल एवढ्या मोजक्या सुरांवरच चालतो, म्हणून त्यावर इशारे वाजतात, गाणं वाजत नाही.

सुटलेले मधले सूर मिळवायचे तर नळीची लांबी बदलावी लागते. ट्रंपेटमध्ये तीन कळा असतात. कळ दाबली की हवेला वळसा घालून जावं लागतं आणि सूर उतरतो. ट्रॉम्बोनमध्ये तेच काम सरकणारी दुहेरी नळी करते. ती पूर्ण आत असते तेव्हा एकूण लांबी सुमारे पावणेतीन मीटर भरते. बाहेर ओढली की लांबी वाढते आणि सूर खाली येतो. अशा सात जागा आहेत आणि प्रत्येक जागेला सूर अर्ध्या स्वराने उतरतो. सरक दुहेरी असल्यामुळे हात एक इंच पुढे गेला की नळी दोन इंच वाढते.

तुम्ही मोजमापाच्या धंद्यातले आहात म्हणून आणखी एक सांगतो. या सात जागा सारख्या अंतरावर नसतात. अर्धा स्वर उतरायला नळी साधारण सहा टक्के लांब व्हावी लागते. आधीच लांब झालेल्या नळीचे सहा टक्के जास्त भरतात, म्हणून पुढच्या जागा एकमेकींपासून लांब लांब पडत जातात. आणि नळीवर कुठेही खूण नसते. कुठे थांबायचं ते कान ठरवतो. आपल्याकडच्या काही बँडमध्ये कळा असलेला ट्रॉम्बोनही दिसतो, पण तुमचा पुतण्या ओढायचा ट्रॉम्बोन वाजवतो, म्हणजे त्याच्या कानाची तालीम रोज चाललेली आहे. एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणं, ज्याला आपण मींड म्हणतो, तीही या वाद्यावर सहज येते. एका दमात सा ते तीव्र मध्यमाएवढं अंतर घसरता येतं.

आता एक गैरसमज दूर करू. ट्रॉम्बोन म्हणजे नुसता मोठा आवाज काढणारं वाद्य, अशी समजूत आहे. मिरवणुकीत तो जोरात वाजतो हे खरं. पण बँडमध्ये गाण्याची चाल बहुतेक वेळा क्लॅरिनेट आणि ट्रंपेट वाजवतात. ट्रॉम्बोनवाला त्या चालीखालचे सूर धरतो, दोन ओळींमधली रिकामी जागा भरतो, ठेक्याला वजन देतो. मोठ्या वाद्यवृंदात तर त्याला बराच वेळ नुसतं बसूनच राहावं लागतं. बीथोव्हेनची पाचवी सिम्फनी १८०८ मध्ये व्हिएन्नात पहिल्यांदा वाजली. तिचे पहिले तीन भाग ट्रॉम्बोनवाले स्वस्थ बसलेले असतात आणि चौथ्या भागात एकदम उठतात.

या बसण्याला मी फार महत्त्व देतो. चाल वाजवणारा आपल्या चालीत गुंतलेला असतो. मागच्या रांगेत बसून मात्रा मोजणारा मात्र सगळं ऐकत असतो. व्हायोलिन कुठे शिरलं, बासरी कुठे गप्प झाली, गायकाने श्वास कुठे घेतला, हे त्याला ऐकावंच लागतं, नाहीतर त्याची पाळी चुकते. सिनेमाला संगीत देणाऱ्याला नेमकं हेच यावं लागतं. नुसती चाल सुचून सिनेमाचं संगीत होत नाही. चाळीस वाद्यांपैकी कोणतं, केव्हा आणि किती वाजणार, हे आधी कानात ऐकू यावं लागतं.

आता तुमच्या भावाचा प्रश्न. बँडवाला कधी संगीतकार झालाय का? झालाय. थेट ट्रॉम्बोनवाल्याचं उदाहरण आधी देतो, ते अमेरिकेतलं आहे. मग आपल्याकडे येऊ.

नेल्सन रिडल हा न्यू जर्सी राज्यातल्या ओराडेल गावात १९२१ मध्ये जन्मला. लहानपणी पियानो शिकला आणि चौदाव्या वर्षी ट्रॉम्बोन हाती घेतला. विशीच्या आसपास तो गावोगावच्या नाचगाण्याच्या बँडमध्ये वाजवत होता आणि वाजवता वाजवता अधूनमधून त्या बँडसाठी गाणी बसवूनही देत होता. मग चार्ली स्पिव्हाकच्या बँडमध्ये गेला. महायुद्धात व्यापारी नौदलात भरती झाला. तिथे त्याला अॅलन शुलमन नावाचा संगीतकार सहकारी भेटला आणि त्याच्याकडून रिडलने वाद्यरचनेचे धडे घेतले. १९४४ मध्ये तो टॉमी डॉर्सीच्या प्रसिद्ध बँडमध्ये तिसरा ट्रॉम्बोनवाला म्हणून लागला. तिसरा म्हणजे ज्याला एकट्याने वाजवायची संधी सहसा मिळत नाही असा.

हा डॉर्सी स्वतः ट्रॉम्बोनवादक होता. एका दमात लांबलचक ओळ वाजवण्याबद्दल त्याची ख्याती होती. फ्रँक सिनात्रा १९४० ते १९४२ या काळात त्याच्या बँडमध्ये गात होता. ओळ न तोडता कशी गायची हे आपण डॉर्सीच्या ट्रॉम्बोनवरून शिकलो, असं पुढे सिनात्रा सांगत असे. म्हणजे एवढा मोठा गायक श्वास कुठे घ्यायचा हे या वाद्याकडून शिकला.

रिडल तिथे अकरा महिने राहिला. मग सैन्यात गेला आणि सुटल्यावर हॉलिवूडला येऊन दुसऱ्यांच्या गाण्यांची वाद्यरचना लिहू लागला. १९५० मध्ये नॅट किंग कोलचं 'मोना लिसा' गाजलं. वाद्यरचना रिडलची होती, पण तबकडीवर नाव लागलं लेस बॅक्स्टरचं. कोलला खरा माणूस कोण ते कळलं, तेव्हा त्याने रिडललाच बोलवायला सुरुवात केली. १९५३ पासून सिनात्राही त्याच्याबरोबर काम करू लागला. पुढे रिडलने चित्रपटांना संगीत दिलं आणि 'द ग्रेट गॅट्सबी' या १९७४ च्या चित्रपटासाठी त्याला ऑस्कर मिळालं. तिसऱ्या ट्रॉम्बोनच्या खुर्चीपासून इथवर पोचायला त्याला तीस वर्षं लागली. त्यातली सुरुवातीची काही वर्षं त्याचं काम दुसऱ्यांच्या नावावर ऐकलं गेलं.

ही अमेरिकेतली गोष्ट झाली. आपल्याकडे पितळी वाद्यांची माणसं सिनेमात कुठून आली, ते पाहायचं तर गोव्याला जावं लागेल.

पोर्तुगीज काळात गोव्यात चर्चला जोडलेल्या गावशाळा होत्या. तिथे मुलांना प्रार्थनेबरोबर संगीताची लिपी वाचायला शिकवत. मेस्त्री, म्हणजे तिथला संगीतशिक्षक, मुलाच्या हातात व्हायोलिन देई, पुढे कुणी ट्रंपेटकडे वळे, कुणी ट्रॉम्बोनकडे. गावातल्या फेस्ताला, म्हणजे चर्चच्या उत्सवाला, बँड लागे, त्यामुळे वाजवायला जागाही मिळे. गोव्यात रोजगार कमी, म्हणून ही मुलं मुंबईला येत आणि धोबीतलावच्या आसपास आपापल्या गावाच्या कुडीत, म्हणजे गावकऱ्यांच्या सामायिक खोल्यांत, उतरत. हॉटेलांत, क्लबांत संध्याकाळी नाचाचे बँड असत, तिथे त्यांना काम मिळे.

भारतात १९३१ मध्ये बोलपट आला आणि दहा-पंधरा वर्षांत सिनेमाचे वाद्यवृंद मोठे होत गेले. संगीत दिग्दर्शक चाली हार्मोनियमवर बांधत. पण वीस-तीस वादकांना एकाच वेळी वेगवेगळे सूर वाजवायचे असतील, तर ते कुणीतरी कागदावर लिहायला हवेत आणि वादकांना कागद वाचून वाजवता यायला हवं. हे गोव्याच्या मुलांना लहानपणापासून येत होतं. पुढे १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने हॉटेलांतल्या रात्रींना ओहोटी लागली, तेव्हा तर स्टुडिओ हाच त्यांचा मोठा आधार झाला.

अशांपैकी एकाची गोष्ट तुमच्या भावाला अवश्य सांगा. गोव्यातल्या हळदोण्याचा आंतोनिओ झेवियर वाझ, जन्म १९१६. मुंबईत तो चिक चॉकलेट या नावाने ओळखला जाई आणि ट्रंपेट वाजवी. लुई आर्मस्ट्राँग या अमेरिकन वादकाचा प्रभाव त्याच्यावर इतका होता, की लोक त्याला भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत. त्याने स्वतःचा बँड उभा केला आणि ताजमहाल हॉटेलात वाजवला. त्या काळी जॅझवाल्याला मुंबईत याहून मोठी जागा नव्हती.

त्याच सुमारास सिनेमात सी. रामचंद्र नावाचा मराठी माणूस नवं काही करू पाहत होता. रामचंद्र नरहर चितळकर हे नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचे, जन्म १९१८. नट व्हायचं म्हणून ते सिनेमात आले. तिथे फारसं जमलं नाही, तेव्हा मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये हार्मोनियमच्या साथीला बसले आणि तिथून संगीत दिग्दर्शक झाले. त्यांना गाण्यात नाचाच्या बँडची उसळी हवी होती. ती चिक चॉकलेटकडे होती. चाल चितळकरांची आणि पितळी वाद्यांचा बाज चिकचा, अशी जोडी जमली. भगवानदादांच्या १९५१ च्या 'अलबेला'त ती सगळ्या महाराष्ट्राने ऐकली. त्यातल्या एका गाण्यात चिक आपल्या बँडसह पडद्यावरही दिसतो, झालरीच्या बाह्यांचा सदरा घालून.

त्याच १९५१ मध्ये चिक चॉकलेटने 'नादान' या चित्रपटाला स्वतंत्र संगीत दिलं. त्यात देव आनंद आणि मधुबाला होते. म्हणजे हळदोण्याच्या ट्रंपेटवाल्याचं नाव संगीत दिग्दर्शक म्हणून पडद्यावर झळकलं. तुमच्या भावाच्या प्रश्नाचं हे सरळ उत्तर आहे. पण त्याची ही वाट लांबवर गेली नाही. स्वतंत्र चित्रपट त्याच्या वाट्याला थोडे आले. बाकी काम दुसऱ्यांच्या गाण्यांत राहिलं. १९६७ मध्ये तो गेला.

असं का व्हावं? त्यासाठी सिनेमातलं काम कसं वाटलेलं असतं ते समजून घ्यावं लागेल. तुमच्या कारखान्यातलंच उदाहरण घेऊ. एखाद्या भागाचं ड्रॉइंग एकजण करतो. पण तो भाग कोणत्या मशीनवर, कोणत्या क्रमाने, कोणत्या हत्याराने बनणार, हे प्रोसेस शीटवर दुसराच कुणी लिहितो. ड्रॉइंग कितीही सुंदर असलं तरी प्रोसेस शीटशिवाय भाग तयार होत नाही. सिनेमाच्या गाण्यात चाल म्हणजे ड्रॉइंग आणि अरेंजरचं काम म्हणजे प्रोसेस शीट. सुरुवातीचे सूर, दोन कडव्यांमधलं म्युझिक, गायकामागे वाजणारी व्हायोलिनं, हे सगळं अरेंजर लिहितो. पाट्यांमध्ये मात्र मोठ्या अक्षरात नाव चाल बांधणाऱ्याचं येतं.

गोव्याची ही माणसं या अरेंजरच्या टेबलापर्यंत सहज पोचली. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांमागे सेबॅस्टियन डिसोझा होते. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे व्हायोलिनवादक, अरेंजर आणि गुरू. पण टेबलाच्या पलीकडच्या, संगीत दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसायला त्यांना अडचणी आल्या आणि त्या कलेच्या नव्हत्या.

पहिली अडचण सिटिंगची. निर्माता, दिग्दर्शक, गीतकार खोलीत जमतात आणि संगीतकार हार्मोनियमवर चाल गाऊन दाखवतो. तोंडात मुखनळी असलेल्या माणसाला वाजवत असताना गाता येत नाही. म्हणूनच आपल्या पहिल्या फळीतले संगीत दिग्दर्शक पाहा. कुणी हार्मोनियमवरून आले, कुणी तबल्यावरून. लक्ष्मीकांत मेंडोलिनवरून आले, प्यारेलाल व्हायोलिनवरून, शिव-हरी संतूर आणि बासरीवरून. ट्रॉम्बोनवरून आलेला माणूस त्या रांगेत दिसत नाही. दुसरी अडचण भाषेची. कोंकणी आणि पोर्तुगीज वातावरणात वाढलेल्या वादकाला उर्दू शायरीचं वजन पकडणं जड जाई. तिसरी पोटाची. वादकाला शिफ्टप्रमाणे पैसे मिळत. स्वतंत्र चित्रपटाची वाट पाहत बसणं म्हणजे ती रोजची मिळकत सोडणं. बायकोमुलं असलेल्या माणसाने ती सोडली नाही, तर त्याला दोष देता येत नाही.

काहींनी दुसरी वाट काढली. गोव्याच्या कुडचड्याचे ट्रंपेटवादक फ्रँक फर्नांड हिंदी सिनेमात वर्षानुवर्षं दुसऱ्यांसाठी राबले आणि मग आपल्या भाषेकडे वळले. त्यांनी 'आमचें नशीब' (१९६३) आणि 'निर्मोण' (१९६६) हे कोंकणी चित्रपट काढले. 'निर्मोण'वरून पुढे हिंदीत 'तकदीर' निघाला. मला हा मार्ग फार मोलाचा वाटतो. मोठ्या बाजारात जागा मिळेना म्हणून फर्नांड थांबले नाहीत, त्यांनी आपला बाजार आपण उभा केला. मराठी मुलाला यातून घेण्यासारखं आहे.

कधी कधी ही वाट एका पिढीत पुरी होत नाही. पंडित रामप्रसाद शर्मा हे सिनेमात ट्रंपेट वाजवत. संगीताची लिपी त्यांना उत्तम येई आणि त्यांनी ती अनेकांना शिकवली. मुलाला त्यांनी लहान वयातच व्हायोलिन दिलं आणि शिकायला अँथनी गोन्साल्विसांकडे पाठवलं. मुलगा शाळकरी वयातच वादक म्हणून काम करू लागला. त्याची मेंडोलिन वाजवणाऱ्या लक्ष्मीकांत कुडाळकरांशी मैत्री झाली. दोघांनी आधी दुसऱ्यांकडे वादक आणि सहायक म्हणून काम केलं. १९६३ मध्ये 'पारसमणी' आला आणि लक्ष्मीकांत-प्यारेलाल ही जोडी उभी राहिली. १९७७ च्या 'अमर अकबर अँथनी'त नायकाच्या तोंडी अँथनी गोन्साल्विस हे नाव येतं, ते प्यारेलालजींच्या या गुरूंचं. ते काल्पनिक आहे असं पुष्कळांना वाटतं, तुम्हालाही वाटलं असेल. गोन्साल्विस खरे होते. २०१२ मध्ये त्यांचं निधन झालं.

आता तुमच्या पट्ट्याला सगळ्यात जवळची गोष्ट. ती कारखान्यातच सुरू होते. कलकत्त्याजवळ बाटानगर आहे, बाटाच्या बुटांच्या कारखान्याची वसाहत. त्या कारखान्याचा स्वतःचा ब्रास बँड होता आणि त्याचा कंडक्टर जोसेफ न्यूमन हा हंगेरीचा होता. त्या बँडमध्ये १९४० च्या दशकात एक नेपाळी मुलगा दाखल झाला. त्याचं नाव मनोहारी सिंग, जन्म १९३१. कारखान्याच्या बँडमध्ये तो कागद वाचून वाजवायला शिकला. न्यूमन पुढे एचएमव्ही या ग्रामोफोन कंपनीत गेला. मनोहारी कलकत्त्याच्या सिम्फनी वाद्यवृंदात आणि रात्री क्लबांत वाजवू लागला. बासरी, क्लॅरिनेट आणि सॅक्सोफोन ही त्याची वाद्यं. सलील चौधरींनी त्याला मुंबईला जायला सुचवलं. १९५८ मध्ये तो मुंबईत आला आणि सचिनदेव बर्मन यांच्या 'सितारों से आगे'मध्ये त्याला पहिली मोठी संधी मिळाली.

पुढे राहुलदेव बर्मन यांच्या संगीतात मनोहारी सिंग हे सॅक्सोफोनवादक आणि अरेंजर म्हणून अविभाज्य झाले. चेलोवादक बासुदेव चक्रवर्ती यांच्याबरोबर त्यांनी बासू-मनोहारी या नावाने स्वतंत्र संगीतही दिलं. 'सबसे बडा रुपैया' हा त्यांचा चित्रपट १९७६ चा. मुंबईत पाऊल ठेवल्यापासून स्वतःच्या नावाच्या पाटीपर्यंत अठरा वर्षं गेली. बुटाच्या कारखान्याच्या बँडमधला पोरगा एवढा लांब आला, हे तुमच्या भावाला चाकणच्या बसमध्ये बसल्या बसल्या सांगता येईल.

याच राहुलदेव बर्मन यांच्या वाद्यवृंदात ट्रॉम्बोन वाजवत ब्लास्को मोन्सोराते. ते मुंबईच्या गोवेकर घराण्यातले. वडील पीटर ट्रंपेटवाले आणि भाऊ जोसेफ नि बॉस्को हेही ट्रंपेटवालेच. कॅबरेच्या गाण्यातला माज, पाठलागाच्या प्रसंगातली धडकी, खलनायक दारात उभा राहतो तेव्हाचा जड सूर, असं काम सिनेमा ट्रॉम्बोनला नेहमी देत आला आहे. तुमच्या पुतण्याने जुन्या चित्रपटांचं पार्श्वसंगीत कानाला हेडफोन लावून ऐकावं. त्याला आपलं वाद्य नवनव्या ठिकाणी सापडत जाईल.

'पण आता सगळं संगणकावर होतं, पितळी वाद्यं कोण बोलावतो?' अशी शंका तुमच्या मनात आली असणार. ऐंशीच्या दशकापासून सिंथेसायझर आला आणि स्टुडिओतल्या मोठ्या वाद्यवृंदांचं काम झपाट्याने घटलं, हे खरं आहे. वादक म्हणून रोजंदारी मिळवणं आज अवघड आहे. पण संगीतकार होऊ पाहणाऱ्यासाठी हाच बदल सोयीचा ठरतो. पूर्वी चाळीस वादकांचा खर्च करणारा निर्माता मिळाल्याशिवाय आपलं लिहिलेलं ऐकायलाच मिळत नसे. आता घरच्या संगणकावर ते ऐकता येतं. शिवाय आज चित्रपट आणि वेब मालिकांना पार्श्वसंगीत भरपूर लागतं आणि तिथे गाऊन दाखवण्यापेक्षा सुरांचे थर रचता येण्याला महत्त्व आहे. ट्रॉम्बोनच्या खुर्चीत शिकलेली विद्या तिथे थेट उपयोगी पडते.

तेव्हा पुतण्याला काय सांगाल? ट्रॉम्बोन सोडू नकोस, हे पहिलं. दुसरं, त्याला कीबोर्ड शिकवा, कारण एका वेळी अनेक सूर ऐकून पाहायला तेच सोयीचं वाद्य आहे. तिसरं, संगीताची पाश्चात्त्य लिपी नीट शिकवा. ट्रिनिटी कॉलेज लंडनसारख्या संस्थांच्या श्रेणी परीक्षा पुण्यात देता येतात. चौथं, आपलं गाणं. महापालिकेची संगीत अकादमी आहे, तिथे किंवा एखाद्या चांगल्या गुरूकडे दोन-तीन वर्षं गळ्याने राग शिकू द्या. ज्या अडचणीने गोव्याच्या मोठमोठ्या वादकांना सिटिंगच्या खोलीबाहेर ठेवलं, ती याने दूर होते. तो मराठी आहे, कवितेची भाषा त्याच्या कानात आहे. अभंग, लावणी, पोवाडा त्याने ऐकलेले आहेत. ती शिदोरी चिक चॉकलेटकडे नव्हती.

आणि पाचवं, जे या सगळ्यांच्या सुरुवातीत सारखं आहे. त्याने आपल्याच बँडसाठी लिहायला लागावं. एक साधं भक्तिगीत घ्यावं, क्लॅरिनेटने काय वाजवायचं, दोन ट्रंपेटनी काय, ट्रॉम्बोनने काय, ते कागदावर उतरवावं आणि तालमीला वाजवून घ्यावं. पहिल्यांदा बिघडेल. का बिघडलं ते त्याच दिवशी कळेल. रिडलने हेच केलं होतं. पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूट आहे, प्रभातच्या जुन्या जागेत. तिथले आणि इतर महाविद्यालयांतले विद्यार्थी सतत छोटे चित्रपट काढत असतात आणि त्यांना संगीत करून देणारा कुणीतरी हवा असतो. पहिलं काम तिथे मिळू शकतं, पैसे मात्र मिळणार नाहीत. पोटाची सोय वेगळी ठेवा. सैन्याच्या बँडमध्ये भरती होते आणि पचमढीला सैनिकी संगीताचं रीतसर शिक्षण मिळतं, हाही एक भक्कम पर्याय आहे. वाद्य बदलायचं असेल तर मेरठची पितळी वाद्यं देशभर जातात. पण या वयात सरक गुळगुळीत चालते का एवढं पाहून जुनं घेतलं तरी चालेल.

तुमच्या भावाला एकच भीती असेल, मुलाचं आयुष्य वाया जाईल ही. ती रास्त आहे. यशाची हमी या धंद्यात कुणी दिलेली नाही आणि ज्यांची नावं मी वर घेतली त्यांनाही वर्षानुवर्षं थांबावं लागलं. त्याचं शिक्षण चालू राहू द्या, तालीमही चालू राहू द्या. पंचविशीपर्यंत दोन्ही जमतात.

शेवटी तुम्हाला आणि आपल्या सगळ्या वाचकांना एक विनंती. ज्यांची नावं इथे आली त्यांच्यातल्या बहुतेकांना कोवळ्या वयात वाजवायला बँड मिळाला, गावचा, हॉटेलचा किंवा कारखान्याचा. पिंपरीपासून चाकणपर्यंत शेकडो गणेश मंडळं आहेत, कारखान्यांत गणपती बसतात, कामगारांची स्नेहसंमेलनं होतात. यंदा वर्गणीची बैठक बसेल तेव्हा स्पीकरच्या भिंतींऐवजी एखाद्या ब्रास बँडला सुपारी द्यायचा ठराव मांडा, आणि तो वेळेवर मांडा, कारण चांगले बँड गणपतीच्या बरेच आधी ठरून जातात.